काचेवरचं कुंकू

बायको गेली आणि सगळ्यात आधी तिचा आवाज माझ्याकडनं गेला. तोंड आठवतं, शब्द आठवतात, आवाज न्हाई. भिंतीवर फोटो हाय, तो बोलत न्हाई. कॅमेरा दिसला की ती पदर तोंडावर घेऊन चुलीकडं पळायची. आणि आमची लेक कॅमेऱ्याचंच काम करते.

आधी ती गणेशगुडीला नदीवर राफ्ट, ती फुगवलेली रबरी होडी, चालवायची. मग समुद्रावर गेली, फळीवर उभं राहून लाटेवरनं यायला शिकली. सर्फिंग म्हणतात त्याला. गुडघा मोडल्यावर फळी सुटली, तेव्हा स्पर्धेत उतरणाऱ्यांचा पिच्चर काढायला लागली. मला ते रिकामपणाचं वाटायचं. बायकोला न्हाई.

मागच्या खंडेनवमीला आम्ही नांगर, कोयते, विळे धुवून अंगणात मांडले. बायकोनं त्याच रांगेत लेकीचा कॅमेरा ठेवला आणि ऐन काचेवर कुंकवाचं बोट टेकवलं.

"आये! काच हाय ती!" लेक ओरडली.

"डोळाच न्हवं त्येचा? मग दिष्ट तिथंच लागणार."

मी हसलो, लेक ओढणीनं काच पुसत बसली. त्याच थंडीत बायको गेली.

यंदा लेक पिच्चर पुरा करून घरी आली. लॅपटॉप पाटावर ठेवला. म्हणाली, "बा, त्या दिवशी मी कॅमेरा मुद्दाम चालू ठेवलावता. तिला ठाऊक न्हवतं. पिच्चरची सुरुवात त्यानं केलीया. बरोबरचे म्हणतात, काढून टाक, सर्फिंगात म्हातारी कशाला. तू सांग."

तिनं लावलं. आधी बायकोचं तोंड आलं, जवळ, कपाळावर घाम. मग लाल बोट. सगळं लाल झालं आणि त्यातनं आवाज आला, "हालू न्हको रं सोन्या, झालंच."

बैलाच्या कपाळाला कुंकू लावताना ती अशीच बोलायची.

लेकीनं पाणी आणून दिलं.

"तिला इचारलंवतंस?" मी म्हणालो.

"न्हाई."

"मग पिच्चरमधनं तोंड काढ. ते लोकांना दाखवायचं तिला आवडलं नसतं. बोट राहू दे. आवाज राहू दे."

"आणि तोंडाचं काय करू?"

"ते मला दे. मी कुणाला दाखवत न्हाई."

लेकीनं मान हलवली, नाक ओढलं. म्हणाली, "बरं, आता पुढं बघ की. माझी लाटांवरची माणसं तिथनं पुढं हायत."

"बघतो की. तुझ्या लाटा कुठं पळून जातात? आधी ते परत लाव."

तिनं लावलं. मी डोळे मिटून ऐकलं.