भूक न लागणारी पिल्लं

"मॅडम, इकडं या बरं. हे खातच नाई."

देवकाबाई तीन नंबरच्या कॉम्प्युटरवर बसल्या होत्या. स्क्रीनवर लांब कानांचं एक पिल्लू उभं होतं आणि त्याच्या पुढ्यात गाजर पडलं होतं. पिल्लू गाजराकडे बघत होतं, शेपटी हलवत होतं, पण तोंड लावत नव्हतं. देवकाबाईंनी माऊसने गाजर उचलून त्याच्या नाकापाशी नेलं. पिल्लू बाजूला सरकलं, झाडाखाली जाऊन बसलं, मग आडवं झालं. ते पुन्हा उठलं नाही.

त्या आठवड्यातलं हे पाचवं. सहाही कॉम्प्युटरवर तेच चाललं होतं. बारा बायका माझ्याभोवती गोळा होऊन उभ्या होत्या. तो दिवस बुधवार होता आणि शनिवारी तपासणीला साहेब येणार होते.

दोन हजार साल उलटून दोन-तीन वर्षं झाली असतील. गडचिरोली जिल्ह्यात आरमोरीतल्या एका कॉम्प्युटर क्लासमध्ये मी इन्स्ट्रक्टर होते. सहा कॉम्प्युटर, एक प्रिंटर, आणि मर्जीप्रमाणे येणारी-जाणारी वीज. एका योजनेखाली जवळपासच्या गावांमधल्या मच्छीमार सोसायट्यांच्या बारा बायका आमच्याकडे तीन महिन्यांच्या कोर्सला आल्या होत्या. सोसायटीची पत्रं त्यांनी स्वतः टाइप करावी, फाइली सांभाळाव्या, एवढाच हेतू. हजेरी घसरली तर बॅच बंद होणार होती. बॅच बंद म्हणजे माझी नोकरीही बंद, हे क्लासचे मालक निकोडे सरांनी मला पहिल्याच दिवशी सांगून ठेवलं होतं.

पहिला आठवडा टायपिंगमध्ये गेला. दुसऱ्या आठवड्यात बारातल्या सातच आल्या. देवकाबाई वयाने सगळ्यांत मोठ्या, पंचेचाळीसच्या आसपास. त्या मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "मॅडम, राग नका मानू. एकच ओळ शंभरदा मारून राह्यलो आमी. त्यात जीव नाई रमत. तिकडं तलावाचं काम पडून राह्यते."

मला राग आला नाही. मीही तसं शिकले होते आणि मीही कंटाळले होते.

त्या रविवारी मी चंद्रपूरला घरी गेले. तिथे माझा कॉलेजमधला मित्र प्रशांत सायबर कॅफे चालवायचा. त्याच्याकडे एका गेमची सीडी होती. गेममध्ये मारामारी नाही, गाड्या नाहीत. फक्त पाळीव जनावरं. याला व्हर्च्युअल पेट म्हणतात. कॉम्प्युटरच्या आत राहणारं जनावर, त्याला भूक लागते, झोप येते, ते रुसतं, आजारी पडतं. नर-मादीचं जमलं की मादी अंडं देते. साधारण तासाभराने अंडं फुटतं आणि पिल्लू बाहेर येतं. त्याचे कान आईसारखे, रंग बापासारखा, असं काहीही होऊ शकतं. गेम बंद केला की त्यांचं जगही तिथेच थांबतं.

मी सीडी आणली, एका कॉम्प्युटरवर गेम टाकला आणि त्यात मिळालेल्या अंड्यांतून एक जोडी वाढवली. मग वेळ वाचावा म्हणून तोच फोल्डर उरलेल्या पाचही कॉम्प्युटरवर कॉपी केला. सीडी प्रशांतला परत पाठवून दिली.

पुढच्या दहा दिवसांत बाराच्या बारा बायका यायला लागल्या. माऊस दोन्ही हातांनी धरणाऱ्या रेखाबाई एका बोटाने जनावराचं डोकं खाजवू लागल्या. पिल्लांना नावं द्यायची म्हणून कीबोर्ड अंगवळणी पडला. झिपरी, ढोल्या, पाटलीणबाई अशी नावं. पिल्लू दुसऱ्या कॉम्प्युटरवर द्यायचं तर त्याची फाइल करून फ्लॉपीत घालावी लागे. म्हणून फाइल, फोल्डर, सेव्ह, रिनेम हे सगळं मी न शिकवता आलं. शेवटचा अर्धा तास गेम, त्याआधी पत्रं, असा करार होता. पत्रं पटापट होऊ लागली. चार नंबरवरून मोठ्याने ऐकू यायचं, "माह्या झिपरीले ढोल्या पायजे. फ्लॉपीत टाकून दे न बाई."

आणि मग तिसऱ्या पिढीची पिल्लं खाईनाशी झाली.

मला पहिल्यांदा वाटलं, व्हायरस. अँटिव्हायरस चालवला, काही निघालं नाही. मग गेमचं हेल्प वाचलं. त्यात लिहिलं होतं की प्रत्येक पिल्लाला अर्धे गुण आईकडून, अर्धे बापाकडून मिळतात. भूक लागणं हाही त्यातलाच एक गुण. वाचलं, पण डोक्यात प्रकाश पडला नाही.

त्या बुधवारी पाचवं पिल्लू मेलं, तेवढ्यात निकोडे सर आत आले. बारा बायका एका मेलेल्या पिल्लाभोवती उभ्या बघून म्हणाले, "काय चाललंय?"

मी सांगितलं.

"शनिवारी साहेब येणार आहेत आणि तुम्ही सुतक पाळताय? काढून टाका तो गेम."

"सर, शुक्रवारपर्यंत थांबू या."

"शुक्रवारी संध्याकाळी मी स्वतः बघीन," एवढं बोलून ते गेले.

देवकाबाई त्यांच्याकडे लक्ष न देता स्क्रीनकडेच बघत होत्या. म्हणाल्या, "मॅडम, याच्या मायबापाचे मायबाप कोणते?"

"पहिली जोडी."

"अन् चार नंबरच्याचे?"

"तीच जोडी. मी कॉपी..." आणि मी थांबले.

"म्हंजे साही कॉम्पुटरवर एकच घर," देवकाबाई म्हणाल्या. "आमी फ्लॉपीत टाकून बहीण-भावाचेच लगन लावून राह्यलो."

मग त्यांनी सांगितलं. त्यांच्या सोसायटीने काही वर्षं एकाच ठिकाणाहून मासोळीचं बी आणलं होतं. बी म्हणजे तलावात सोडायची बारीक पिल्लं. मासोळी वाढेना. डोकं मोठं, अंग बारीक. चौकशी केल्यावर कळलं, बी देणाऱ्याकडे नर-मादी एकाच घरचे होते, त्याने ते कधी बदललेच नव्हते. सोसायटीने बी दुसरीकडून आणलं, तेव्हा तलाव सुधारला.

"याइचं बी बदला," त्या म्हणाल्या. "दोष पोराइचा नाई."

दोष माझा होता. गेम नव्याने टाकला असता तर प्रत्येक कॉम्प्युटरवर वेगवेगळी अंडी मिळाली असती. मी वेळ वाचवला होता. आताही सीडी परत मागवून, सगळं पुसून नव्याने टाकता आलं असतं. मी तसं सुचवलं, तेव्हा रेखाबाई शांतपणे म्हणाल्या, "मंग आमची झिपरी कुठी जाईन?" पुसायचा विचार मी सोडला.

मी प्रशांतला फोन केला. त्याची जनावरं वेगळ्या अंड्यांतून वाढलेली होती. "ये, घेऊन जा," तो म्हणाला. पण मला क्लास सोडता येत नव्हता. देवकाबाई म्हणाल्या, "मी जातो. बी पाह्यल्याशिवाय आणाचं नसते."

गुरुवारी पहाटेच्या एसटीने त्या निघाल्या. वाटेत गडचिरोली, मूल, मग चंद्रपूर. पिशवीत चार कोऱ्या फ्लॉप्या होत्या. दुपारी प्रशांतचा फोन आला. हसत होता.

"अगं, तुझ्या बाई सकाळपासून माझ्या मशीनसमोर बसल्यात. मी त्यांना माझा निळा नर दाखवला, एवढा देखणा. नको म्हणाल्या. एकेकासमोर गाजर टाकतात आणि बघत बसतात, कोण आधी येतो."

"मग कोणता घेतला?"

"एक चॉकलेटी आहे, वाकड्या कानांचा. तो दुसऱ्यांचंही गाजर खातो. तो घेतलाय. आणि तशीच एक मादी."

शुक्रवारी दुपारी देवकाबाई क्लासमध्ये आल्या, तेव्हा सगळ्या दारातच उभ्या होत्या. पहिली फ्लॉपी घातली. ड्राइव्ह खरखरला आणि एरर आला. फ्लॉपी वाचता येत नव्हती. प्रवासात असं पुष्कळदा व्हायचं. माझा चेहरा पडला असावा.

देवकाबाईंनी पिशवीतून दुसरी काढली. "हे घ्या. तेच हाय."

"दोन केल्या तुम्ही?"

"दोन काऊन, चार केल्या. एकाच पिशवीत सगळं बी आणते का कोणी? रस्त्यानं पिशवी फुटली त?"

बॅकअप म्हणजे काय हे शिकवायला सिलॅबसमध्ये एक अख्खा तास होता. तो मी रद्द केला.

चॉकलेटी नर स्क्रीनवर उतरला आणि उतरताच झिपरीचं गाजर खाऊन मोकळा झाला. झिपरीने त्याच्या कानाचा चावा घेतला. रेखाबाई म्हणाल्या, "जमते आता याइचं." खरंच जमलं. पाच वाजता झिपरीने ठिपक्यांचं एक अंडं दिलं. आम्ही गेम सेव्ह करून बंद केला. निकोडे सर बघायला आले, तेव्हा सगळ्या जणी अर्ज टाइप करत होत्या. गेम काढला का, हे त्यांनी विचारलं नाही. मला वाटतं, भरलेली हजेरी त्यांनी पाहिली होती.

शनिवारी योजनेचे साहेब आले. पन्नाशीचे, शांत गृहस्थ. त्यांनी एकेकीला पत्र टाइप करायला सांगितलं. झालं. फाइल शोधायला सांगितली. शोधली. रेखाबाईंकडे वळून म्हणाले, "ही फाइल फ्लॉपीवर घेऊन दाखवा."

रेखाबाईंनी एका फ्लॉपीवर घेतली, ती काढली, दुसरी घातली आणि पुन्हा घेतली.

"दोनदा का?"

"एक फुटली त दुसरी राह्यते, साहेब."

साहेबांनी माझ्याकडे पाहिलं. तेवढ्यात चार नंबरच्या स्पीकरमधून चिवचिव आवाज आला. कोणीतरी सकाळपासून गेम खाली मिनिमाइज करून चालू ठेवला होता. अंडं फुटलं होतं. निकोडे सरांनी डोळे मिटून घेतले.

"हा आवाज कसला?" साहेबांनी विचारलं.

मी तोंड उघडण्याआधी देवकाबाईंनी पुढे होऊन स्क्रीनवर गेमची खिडकी मोठी केली. वाकड्या कानांचं, चॉकलेटी ठिपक्यांचं पिल्लू कवचातून बाहेर पडून बसलं होतं. "साहेब, दोन मिनिटं उभे राहा. हे खाते का नाई ते पाहू द्या." आणि त्यांनी साहेबांना सगळं सांगितलं. एक घर, खराब बी, चंद्रपूरची एसटी. साहेब खुर्ची ओढून बसले.

देवकाबाईंनी गाजर टाकलं. पिल्लू त्याच्याकडे बघत राहिलं. पिल्लू उठलं, पडलं, पुन्हा उठलं आणि सरळ जाऊन गाजरावर बसलं. मग खायला लागलं. रेखाबाईंनी पदर तोंडाला लावला. बाकीच्या हसत होत्या, एकमेकींच्या पाठीवर थापा मारत होत्या. साहेबांनी विचारलं, "दुसरं गाजर कसं टाकायचं?" देवकाबाईंनी त्यांच्या हातात माऊस दिला. त्यांनी एकामागून एक तीन गाजरं टाकली. पिल्लाने तिन्ही संपवली.

बाराही जणी पास झाल्या. पुढची बॅचही आम्हालाच मिळाली, आणि निकोडे सरांनी मला विचारलं की तो गेम नव्या बॅचला पहिल्या दिवसापासून देता येईल का. देवकाबाई सोसायटीची पत्रं स्वतः टाइप करू लागल्या. त्यांच्या टेबलावर प्रत्येक फाइलच्या दोन फ्लॉप्या असत, वेगवेगळ्या डब्यांत.

मी नंतर बरीच वर्षं शिकवलं. नवी बॅच आली की कॉम्प्युटर चालू करण्याआधी एकेकीला विचारायचे, घरी काय काम करता. त्यात तासभर जायचा. सिलॅबसमधले तीन-चार तास मात्र वाचायचे.