दोन रंगांचे डोळे आणि दोन फोटो

समस्त सज्जनांस अत्यंत गांभीर्याने कळवण्यात येते की, आमच्या घरी एकाच चेहऱ्यावर दोन घराण्यांचं राज्य होतं. माझ्या थोरल्या बहिणीचा डावा डोळा काळाभोर आणि उजवा घारा. वडील कोकणस्थ, आई देशस्थ. त्यामुळे काशीतल्या मुन्शी घाटामागच्या आमच्या गल्लीतल्या मराठी मंडळींनी निकाल देऊन टाकला होता: उजवा बापाचा, डावा आईचा. वाटणी समसमान, तंटा मिटला.

विद्यापीठातल्या डोळ्यांच्या डॉक्टरांनी ताईला लहानपणीच तपासलं होतं. बुबुळाला रंग देणारं द्रव्य एका डोळ्यात कमी तयार झालंय, म्हणाले, बाकी काही नाही. काही माणसं अशीच जन्मतात. नजर दोन्हीकडे सारखीच. ताईला कुणी विचारलं तर ती म्हणायची, "दोन्हींतून गंगा एकच दिसते."

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला तिच्या लग्नाचं निघालं आणि मिटलेला तंटा पुन्हा उभा राहिला. काशीत मराठी घरं मोजकी, म्हणून पत्रिका दूरदूर धाडाव्या लागत. दोन ठिकाणची मंडळी येऊन, पाहून, पोहे खाऊन गेली आणि नकार कळवला. कारण कुणी लिहिलं नाही, पण आम्हाला ठाऊक होतं. मग आत्याने युक्ती काढली. "पुढच्या वेळी उजवी बाजू भिंतीकडे ठेव गं, आणि मान खाली."

"आणि लग्नानंतर?" ताई म्हणाली. "जन्मभर भिंतीकडेच बघत बसू?"

तिसरं स्थळ जबलपूरचं आलं, मुलगा रेल्वेत. आईने मला ताईचा फोटो देऊन गुपचूप फोटोवाल्याकडे पाठवलं. ब्रशने दोन्ही डोळे काळे करून आण, म्हणाली. दोन दिवसांनी वडिलांनी त्याच फोटोची दुसरी प्रत देऊन तितक्याच गुपचूप पाठवलं. दोन्ही घारे करून आण, आपलं घराणं कळू दे. मी कॉलेजात होतो, अक्कल बेताची. एकाचं दुसऱ्याला सांगितलं नाही, कारण मला भलतीच मजा वाटत होती. फोटोवाला ब्रश धूत म्हणाला, "भइया, पहले घर में तय कर लीजिए, बिटिया किस पर गई है."

वडिलांनी आपला घाऱ्या डोळ्यांचा फोटो पत्रिकेबरोबर पोस्टाने धाडला. आईने आपला काळ्या डोळ्यांचा फोटो जबलपूरला निघालेल्या मावशीच्या हाती दिला. मी दोघांनाही शुभेच्छा दिल्या.

मुलाच्या आजीला काशीचं स्नान हवंच होतं, म्हणून मुलगा, त्याची आई आणि आजी असे तिघे आले. ताई मान खाली घालून, उजवी बाजू भिंतीकडे करून बसली. आजीने पोह्यांची बशी बाजूला ठेवली आणि विचारलं, "आणि दुसरी कुठाय?"

"दुसरी कोण?" आई म्हणाली.

आजीने पिशवीतून दोन्ही फोटो काढून चौरंगावर शेजारी शेजारी मांडले. "ही काळ्या डोळ्यांची आणि ही घारी. जुळ्या आहेत ना? पत्रिका मात्र एकीचीच आली."

आईने वडिलांकडे पाहिलं, वडिलांनी आईकडे, मग दोघांनी माझ्याकडे. माझी मजा तिथल्या तिथे आटली. तिसरा नकार आता माझ्या नावावर लागणार होता. आणि तेव्हाच ध्यानात आलं, की ताईचा आहे तसा फोटो पाठवावा हे आमच्यापैकी एकाच्याही मनात आलं नव्हतं. प्रत्येकाला तिचा एक डोळा पुसायचा होता, फक्त कुठला यावर मतभेद होते.

ताई उठली. खुर्ची भिंतीपासून ओढून खिडकीच्या उजेडात घेतली, बसली आणि मान वर केली.

"दुसरी कुणी नाही," ती म्हणाली. "हे दोन्ही फोटो खोटे आहेत. मी ही अशी आहे."

आजी बघत राहिली. मुलाच्या आईने पदर सारखा केला. मुलाने एक फोटो उचलला, मग दुसरा, मग ताईकडे नीट पाहिलं आणि मोठ्यांच्या आधी बोलायचं नसतं हे विसरून म्हणाला, "खोटे कुठे? दोन्ही अर्धे अर्धे खरे आहेत की."