जाते म्हणू नये

ब्राउनश्वाइगच्या पहिल्या हिवाळ्यात माझं कुणाशी जमलं असेल तर ते खालच्या मजल्यावरच्या आजींशी, आणि तेही रुसव्याने सुरू झालं. नवरा गाड्यांच्या कारखान्यात इंजिनिअर, अंधारात निघायचा आणि अंधारातच परतायचा. घरात मी आणि माझी मोडकी जर्मन. आजी नव्वदीला टेकलेल्या, एकट्या, डोळ्यांनी जवळजवळ अधू. एकदा त्यांना शिरा द्यायला गेले आणि पुण्याच्या गोष्टी सांगत बसले, तर माझ्या प्रत्येक वाक्यावर त्या म्हणायच्या, "जा, जा." मला वाटलं, बाई मला चक्क घालवून देतेय. वाटी उचलून मी ताडकन उठले. जर्मन 'जा' म्हणजे 'हो', हे क्लासमध्ये पहिल्याच दिवशी शिकवलं होतं. पण कान पुण्याचेच ना! मी का चिडले ते कळल्यावर आजी इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला.

मग मी रोज दुपारी जायला लागले. आजी ज्यू. त्या लहान असताना त्यांना आईबरोबर इथूनच गाडीत कोंबून पोलंडमधल्या घेट्टोत, ज्यूंना कोंडून ठेवायच्या वस्तीत, नेलं होतं. ते सगळं त्यांनी म्हातारपणी टाइप करून ठेवलं होतं आणि आता स्वतःचंच लिहिलेलं त्यांना दिसत नव्हतं. वाचून दाखवायचं काम माझ्याकडे आलं. मुलगा गावातच राहायचा, पण त्याला वाचायला सांगायच्या नाहीत, कारण तो पहिल्याच पानावर रडायचा. "तुला अर्धं कळत नाही," मला म्हणाल्या, "तूच बरी." हा माझ्या जर्मनचा अपमान होता, पण खोटा नव्हता.

वाचताना त्या माझं व्याकरण सुधारायच्या. सुपाच्या रांगेत त्यांची आई मागे मागे कशी राहायची, कारण वरचं सूप म्हणजे नुसतं पाणी आणि सलगमचा एखादा तुकडा असलाच तर तळाशी, हे मी वाचत होते. एका वाक्यात मी भुकेला 'डी' लावलं, म्हणजे स्त्रीलिंगी केलं, कारण आपल्याकडे ती भूक. आजींनी तिथेच थांबवलं. "डेर हुंगर. तो." मी म्हटलं, आमच्याकडे बाई आहे. त्या म्हणाल्या, मग तुमच्याकडची जरा दयाळू असेल. त्या दिवसापासून त्यांना आमटी वाढताना मी पळी तळापर्यंत घालू लागले आणि त्यांनी ते आवाजावरून ओळखलं.

निघताना मी म्हणायचे, "इश कोमं." म्हणजे 'येते'. त्यांनी पहिल्या वेळी हटकलं. निघालेल्या माणसाने 'इश गेहं', जाते, असं म्हणायचं असतं. मी सांगितलं, आजी, मरेन पण ते म्हणणार नाही. आमच्याकडे जातो तो परत येत नाही. दारातून 'जाते' असं तोंडातून निघालं तर माझी आई मला परत आत बोलवायची, पाणी प्यायला लावायची आणि 'येते' म्हणवून घेऊनच सोडायची. आजींनी मला दाराशीच थांबवून ते पुन्हा एकदा म्हणायला लावलं. मग म्हणाल्या, "बरोबर आहे. तू तसंच म्हणत जा."

त्यांनी ते का मान्य केलं, ते पुढे कधीतरी एका पानावर मला कळलं. घेट्टोत एके दिवशी सैनिक घरोघर फिरून मुलं गोळा करत होते. आईने या लहानगीला कपाटामागच्या फटीत उभं केलं, आवाज करायचा नाही असं बजावलं आणि म्हणाली, "इश कोमं ग्लाइश." लगेच येते. मग दार ओढून खाली गेली. पान तिथे संपत होतं. पुढचं पान शेजारणीने हिला फटीतून बाहेर ओढलं तिथून सुरू होत होतं, आणि त्यानंतर आई कुठेच नव्हती. मला अर्धं कळतं म्हणून मला निवडलेलं, पण ते सगळं कळलं. आजी मात्र शांत होत्या. "तू म्हणतेस," त्या म्हणाल्या, "आणि खरंच येतेस."

गेल्या वर्षी त्यांचं विसरणं सुरू झालं. आधी शेगडीवरचं भांडं, मग किल्ल्या, मग माणसं. नवरा विसरल्या, नातवंडं विसरल्या आणि देवाजवळ मागून विसरावं असं जे होतं, तेवढंच शिल्लक राहिलं. मला देवाचा संताप आला. अजूनही येतो.

एकदा त्यांच्या मुलाने मला जिन्यात थांबवलं. म्हणाला, तुम्ही निघालात की आई कोट चढवते, बूट घालते आणि दारापाशी स्टुलावर बसते. जेवत नाही, आडवी होत नाही. मामा, म्हणजे तिची आई, येतेय म्हणते. कृपा करून तुम्ही 'जाते' म्हणा, आणि तिने विचारलंच तर 'नाही येणार' म्हणा. मी त्याला फाडकन बोलले. नव्वदीच्या बाईला तोंडावर असलं अभद्र मी सांगू?

दुसऱ्याच दिवशी दुपारी नेहमीसारखं 'येते' म्हणून वर आले आणि तासाभराने कपड्यांची बादली घेऊन तळघरात निघाले, तर आजींचं दार किलकिलं होतं. आत स्टुलावर त्या बसल्या होत्या. कोटाची बटणं एकाआड एक चुकलेली, हात मांडीवर, शाळेतल्या मुलीसारखे. मी म्हटलं, आजी, आत चला, मी आले आहे. त्यांनी ओठांवर बोट ठेवलं आणि हळूच म्हणाल्या, "आवाज करायचा नाही."

मी बादली घेऊन जिन्यातच बसून राहिले. कपाटामागून तिला बाहेर काढायला कुठून जायचं, ते मला माहीत नव्हतं.

वर जाऊन आरशासमोर मी 'इश गेहं' म्हणून पाहिलं. दोन शब्द, तेही पहिल्या धड्यातले. माझी जीभ अडली.

पुढच्या दुपारी त्यांना मऊ भात भरवला, वाटी विसळली, माझे बूट घातले. मुलगा स्वयंपाकघराच्या दारात उभा होता.

"आजी, इश गेहं."

त्यांनी आवाजाच्या दिशेने तोंड वळवलं. चाचपडत माझी बाही धरली. आवाज एवढासा झाला होता.

"कोम्स्ट डू?" येशील ना?

मुलाने माझ्याकडे बघून मान हलवली. नाही म्हणा. तो रडत होता.

"जा," मी म्हटलं, त्यांच्या भाषेतलं.

बाही सुटली. मी दार ओढून घेतलं, आणि आतून दारापाशी स्टूल सरकवल्याचा आवाज आला.