संडासातल्या सपाता

माझा नवरा गुणवंत जपानातल्या सेंदाईच्या विद्यापीठात धातूंवर संशोधन करतो, पण त्याचा जीव अडकलाय शंभर वर्षांपूर्वीच्या ब्रिटिश मूकपटांत. चार-पाच मिनिटांचे असतात. खांद्यावर शिडी घेतलेला रंगारी गर्रकन वळतो, शिडी पोलिसाला लागते, पोलीस चुन्याच्या बादलीत. झालं! एवढ्यावर हा गडी लोळून हसणार, वर मला शिकवणार, "पडणाऱ्याला आपण पडणार हे ठाऊक नसावं, तरच मजा."

एंदोबाई आमच्या जुन्या घरमालकीण. कचरा चुकीच्या पिशवीत दिसला की दारात उभ्या राहून आमची बिनपाण्याने करायच्या. दोन हजार अकरा सालच्या त्सुनामीत त्यांचं घर गेलं, आणि रागावणंही गेलं. तात्पुरत्या वसाहतीत भेटायला गेलो की नुसत्या वाकून आभार मानायच्या. मला ते बघवत नसे. "त्यांना एकदा तरी हसवणारच," असा हट्टच धरला गुणवंतनं, आणि वसाहतीच्या हॉलमध्ये आपले मूकपट लावले.

तातामीच्या चटयांवर मंडळी शिस्तीत बसली. शिडी फिरली, पोलीस पडला. सगळ्यांनी सभ्यपणे टाळ्या वाजवल्या. मग या शहाण्यानं घरी तालीम करून ठेवलेली आपटी स्वतः खाऊन दाखवली. हसतंय कोण! दोघं प्रथमोपचाराची पेटी घेऊन धावले. चटई निसरडी असेल म्हणून एंदोबाईंनी तर माफीच मागितली.

तोंड पाडून गुणवंत संडासात गेला. तेवढ्यात पडद्यावरचं चित्र अडकलं. मी हाक मारली, आणि तो धावत आला तो थेट तातामीवर, पायात संडासातल्या गुलाबी सपाता! अहो, त्या संडासाच्या दारातच सोडायच्या असतात. तातामीवर तर साधी चप्पलही चालत नाही.

"गुणवंत-सान! सपाता!" एंदोबाई कडाडल्या.

तो दचकला. एका पायावर नाचत सपात काढायला गेला, दुसरा पाय वायरीत अडकला, आधाराला पडदा धरला आणि पडद्यासकट आडवा. एक सपात उडाली ती एंदोबाईंच्या मांडीवर.

कोणीतरी फिसकन हसलं, मग सगळा हॉल. एंदोबाई मात्र हसल्या नाहीत. दोन बोटांत सपात धरून उठल्या आणि जे सुरू झाल्या! सपाता, वायर, पार त्सुनामीआधीच्या आमच्या कचऱ्यापर्यंत. गाडीपर्यंत बोलत मागे आल्या. गुणवंत मान खाली घालून ऐकत होता. मला इतका आनंद झाला की डोळ्यांचं पाणी थांबेना.

गाडी सुरू केली तर त्यांनी काचेवर टकटक केलं.

"पुढच्या महिन्यात लवकर या. आणि आधी मला पाय दाखवायचे, मगच आत!"