आजोबांच्या पुण्याईवर मत मागणारा नातू

मंडळी, आज सकाळी आमच्या अंबरनाथच्या इमारतीत एक तरुण उमेदवार मतं मागायला आला. म्हणाला, "आजी, आमच्या आजोबांची नीतिमत्ता तुम्ही पाहिलीच आहे."

पाहिली आहे. दारूबंदी नवीन होती, मी लहान होते. त्याचे आजोबा गावोगाव दारूबंदीची भाषणं द्यायचे. माझे वडील त्यांच्याकडे गडी. बदलापूरहून त्यांच्यासाठी चोरून बाटली आणायचं काम वडिलांचं.

एकदा वडील बाटलीसकट पकडले गेले. कोर्टात आजोबांनी साक्ष दिली, "हा जुना दारुडा आहे." ज्यानं कधी थेंब चाखला नाही, तो माणूस तुरुंगात गेला. सुटून आल्यावर मरेपर्यंत त्यांनी मान वर केली नाही.

हे मी त्याच्या कार्यकर्त्यांसमोर सांगितलं. तो हळूच म्हणाला, "आजी, ते आता हयात नाहीत."

"माझे वडीलही नाहीत."

दुपारी काठी घेऊन प्रत्येक मजल्यावर, प्रत्येक दारात हेच सांगून आले. उद्या शेजारची इमारत. सून म्हणते, नातवाचा काय दोष? नसेलही. पण आज मी दोन घास जास्त जेवले.

माझ्या जागी तुम्ही गप्प बसला असतात का?