मी काही पाहिलं नाही

माझ्या नवऱ्याला यातलं अर्धं माहीत आहे. उरलेलं अर्धं — ते आजवर माझ्या तोंडून बाहेर पडलेलं नाही. तुम्हाला सांगते.

मी पत्रकार. राहते दुबईत, अल मनखूलमध्ये. इतिहासातल्या कर्तबगार बायकांची चरित्रं लिहिते. तुमची पुस्तकं वाचून धीर येतो, असं लोक म्हणतात. येत असेल.

आमच्याच बिल्डिंगमध्ये नवऱ्याचे बॉस राहायचे. मराठीच, कॉन्ट्रॅक्टिंगचा मोठा धंदा. त्यांच्या घरी कामाला रेखा होती, चिपळूणकडची. वाचायची आवड होती तिला. माझं एक पुस्तक मीच दिलं होतं.

एका दुपारी ती दारात उभी. उजव्या हाताला ओढणी गुंडाळलेली. सोडून दाखवली — पंजाच्या पाठीवर इस्त्रीचा चटका, कातडी सुटलेली.

"मॅडमनी टेकवली, ताई. पासपोर्ट त्यांच्याकडेच आहे. मला कॉन्सुलेटमध्ये घेऊन चला. तुम्ही बोललात तर ऐकतील."

काय करायचं होतं मला? खाली उतरून टॅक्सी थांबवायची, एवढंच ना? मी म्हणाले, "बस, चहा टाकते." आणि स्वयंपाकघरात जाऊन — तिच्या मॅडमना फोन केला. हळू आवाजात.

नवऱ्याचा व्हिसा, लेकीची शाळा... तुम्ही हेच धरून चालला असाल. पण खरं सांगू? त्या क्षणी यातलं काही डोक्यातसुद्धा नव्हतं. ती माझ्या घरातून जायला हवी होती, बस्स.

मॅडम आल्या, हसत. "चल गं, किती घाबरवलंस!" रेखानं माझ्याकडे पाहिलं. चपला घातल्या आणि गेली.

लेक खोलीतून बाहेर आली. "मॉम, इज शी ओके?"

"हो," मी म्हणाले.

रेखा आली होती, मॅडम तिला घेऊन गेल्या — नवऱ्याला एवढंच ठाऊक आहे. फोन कुणी केला, ते नाही.

जखम चिघळली, तेव्हा त्यांनी तिला गावी धाडलं. मग तिच्या बहिणीचा फोन आला. "ताई, तक्रार करायचीय. ते म्हणतात, हात गावी येऊन भाजला. तुम्ही बघितलात ना? दोन ओळी लिहून द्या."

दोन ओळी. मी तेव्हा एका राणीवर तीनशे पानं लिहीत होते.

"मी काही पाहिलं नाही."

फोन स्पीकरवर असावा. मागून रेखाचा आवाज आला, "राहू दे गं. ठेव."

तक्रार पुढे सरकलीच नाही. रेखाची मूठ आता वळत नाही, बहीण तिला भात कालवून देते — चिपळूणच्या एका ओळखीच्या बाईंकडून कळलं. माझं पुस्तक आलं, गाजलंही. बहिणीचा नंबर अजून माझ्याकडे आहे. मी फोन केलेला नाही.