कलशेट्टी परिवारात दरोडेखोर

सोलापूरच्या नवी पेठेत शिवलीलाक्काचं मॅचिंग सेंटर आहे. ब्लाउज पीस, अस्तर, फॉल, परकर. गिऱ्हाइकानं साडी काउंटरवर टाकायची, अक्का एकदाच बघणार, हात मागं घालून कापडाचं थान ओढणार आणि नेमका तोच रंग बाहेर येणार. त्यावर कुणी म्हणालं, "जरा फिक्का दाखवा की," तर थान परत कप्प्यात ठेवून म्हणणार, "साडी बदलून आण जा." अशी बाई. साठी उलटली तरी जिभेची धार काही कमी झाली नाही. पिको-फॉलच्या मशीनवर बसणारी सायराबानू तेवढी तिला उलट बोलू शकायची, तेही हसत हसत.

अशा बाईनं माहेरच्या ग्रुपवर बॉट का आणला, ते आधी सांगायला पाहिजे. कारण पुढं जे झालं त्यावर अर्ध्या जिल्ह्यानं तिच्या नावानं खडे फोडले, आणि तो बॉट कशापायी आला होता हे एकानंही विचारलं नाही.

कारण होतं विरुपाक्ष. अक्काचा धाकटा भाऊ. होटगी जंक्शनला रेल्वेत पॉइंट्समन होता, रूळ बदलून देणारा, रिटायर झाला आणि तिथंच स्टेशनामागं बांधलेल्या घरात राहिला. मुलगा पुण्याला. बायको शरणम्मा गेली आणि हा माणूस बोलायचाच बंद झाला. भांडण नाही, रुसवा नाही, नुसतं गप. अक्का रोज दुकान उघडताना फोन लावायची.

"जेवलास?"

"हं."

"बीपीची गोळी घेतलीस?"

"हं."

"सोलापुरात ये की राहायला. वरची खोली मोकळी हाय."

"बघू."

मग अक्का म्हणायची, "बरं, येते की ह्या आयतवारी." आणि आयतवारी नेमकी लग्नाची गिऱ्हाइकं यायची, नाहीतर गड्ड्याच्या जत्रेची गर्दी असायची, नाहीतर मालाचे गठ्ठे उतरायचे. होटगी काय काशीला आहे? वडापच्या जीपमध्ये बसलं की पोचलं. पण जवळच्या गावाला जाणं असंच राहून जातं. फोन ठेवला की अक्का शेजारी उभ्या सायराबानूला म्हणायची, "सायरा, हा एक दिवस त्या घरात मरून पडंल आणि मला कळायचं न्हाय बघ." रोज म्हणायची. म्हणून झालं की शटरची दुसरी कडी काढायची.

माहेरचा ग्रुप होता, 'कलशेट्टी परिवार'. त्यात काय असतं ते सगळ्यांना माहीत आहे. सकाळी फुलं, दुपारी मूळव्याधीवर उपाय, संध्याकाळी परत फुलं. विरुपाक्ष सगळं वाचायचा, लिहायचा मात्र एक अक्षर नाही. त्याचा पुण्याचा मुलगा तर ग्रुपात नव्हताच. अक्काची सून उत्कर्षा घरी बसून कंपनीचं काम करते, तिनं सुचवलं, "आत्या, ग्रुपवर गेम बॉट लावू या. खेळता खेळता माणसं बोलायला लागतात."

"बॉट म्हंजे काय?"

"माणूस नसतो, प्रोग्राम असतो. पण ग्रुपमध्ये माणसासारखाच असतो. डाव मांडतो, प्रश्न विचारतो, कोण जिंकलं ते सांगतो."

"पगार मागतो?"

"नाही."

"मग घे."

इथून अक्काच्या डोक्याला ताप सुरू झाला. बॉटसाठी ग्रुप दुसऱ्या ॲपवर न्यायचा होता. अहो, एक वेळ घरचं बिऱ्हाड हलवावं, पण नातेवाइकांचा ग्रुप हलवू नये! एकाला ॲप सापडेना, एकाच्या फोनात जागा नाही, एक म्हणतो आधीचा ग्रुप काय वाईट होता, आणि अक्कलकोटचे भावजी नव्या ग्रुपात येऊन रोज विचारायचे की नवा ग्रुप कधी चालू होणार. अक्का दुकानात बसून एकेकाला फोनवर शिकवायची आणि समोरच्या गिऱ्हाइकावर ओरडायची.

पहिला बॉट आला तो प्रश्नमंजूषेचा. त्यानं मंगोलियाची राजधानी विचारली. माढ्याचा चुलतभाऊ गुरुशांत उखडला, "ह्ये कुणाला पायजे? उसाला दर काय मिळणार ते विचार की त्याला!" मग त्याच गुरुशांतला शोध लागला की ग्रुपात बॉट कुणालाही आणता येतो. त्यानं हौसेनं स्वतःच पाच-सहा आणून सोडले. त्यातला एक येणाऱ्याचं स्वागत करायचा, दुसरा स्वागत करणाऱ्याचे आभार मानायचा, आणि आभार मानले की पहिला परत स्वागत करायचा. दिवसभर हेच चाललेलं! लोकांचे फोन तापले. शेवटी उत्कर्षानं सगळे बॉट काढून टाकले आणि नवीन आणायचा हक्क फक्त अक्काकडं ठेवला. ह्या सगळ्यात विरुपाक्ष गप.

"आत्या, शेवटचा एक बघू," उत्कर्षा म्हणाली. हा डाव दरोडेखोराचा. खेळणारे सगळे गावकरी, त्यात एक दरोडेखोर, आणि तो कोण हे बॉट फक्त त्यालाच गुपचूप कळवतो. संध्याकाळी दरोडेखोर बटण दाबून एका गावकऱ्याला मारतो, सकाळी बॉट ते नाव जाहीर करतो, आणि मग दिवसभर सगळ्यांनी भांडून ठरवायचं की दरोडेखोर कोण. मेलेल्याला ग्रुपात बोलता येत नाही, बॉट त्याचं तोंडच बंद करतो. बॉटची वाक्यं मात्र इंग्रजीत होती. ती बदलून मराठीत टाकायची सोय होती.

"'खेळाडू बाद' असं लिहू?" उत्कर्षानं विचारलं.

"बाद काय, बाद? क्रिकेट हाय व्हय?" अक्का म्हणाली. "माणूस मेला तर नीट सांगावं. आपल्यात जसं सांगतात तसं. लिही, कळविण्यास अत्यंत दुःख होते की आमचे परमप्रिय, इथं नाव, हे आज पहाटे लिंगैक्य झाले. परमेश्वर मृतात्म्यास शांती देवो."

"आत्या, हे लई खरं वाटतंय."

"मग काय खोटं वाटायला पायजे?"

झालं. ज्या पद्धतीनं त्यांच्या समाजात मयताचा निरोप जातो, हुबेहूब तो मजकूर अक्कानं आपल्या तोंडानं सांगितला आणि सुनेनं बॉटच्या पोटात भरला.

डावात दहा-बारा जण उतरले. बाकीचे निम्म्याहून जास्त नुसतेच बसलेले, फुलं टाकणारे. आणि काय सांगावं, पहिल्याच दिवशी विरुपाक्ष बोलला! एक-दोन शब्द नाही, चांगला परिच्छेद लिहिला. "गुरुशांतचे वागणे संशयास्पद वाटते. एरवी तो सारखा बोलतो, आज सकाळपासून गप्प आहे. गाडी वेळेवर आली तरी गार्ड गप्प असेल तर चौकशी करावी." अक्कानं ते सायराबानूला मोठ्यानं वाचून दाखवलं. दोनदा. दुपारी तर त्याचा आपणहून फोन आला. "अक्का, खरं सांग, तू दरोडेखोर न्हाईस न्हवं?"  शरणम्मा गेल्यापासून त्यानं केलेला हा पहिला फोन होता. त्या दिवशी अक्कानं एका बाईला फिक्का रंगसुद्धा दाखवला.

पुढच्या सकाळी अक्का पूजेला बसलेली असताना बॉटनं जाहीर केलं. कळविण्यास अत्यंत दुःख होते की आमचे परमप्रिय विरुपाक्ष कलशेट्टी हे आज पहाटे लिंगैक्य झाले.

अक्कलकोटचे भावजी उठलेलेच होते. त्यांनी टाकलं, "भावपूर्ण श्रद्धांजली." आता आपल्याकडं एकानं श्रद्धांजली टाकली की दुसरा वर जाऊन बघत नाही. बघायचं कशाला? हात जोडायचे आणि पुढं जायचं. धडाधड सुरू झालं. ओम शांती. फार वाईट झाले. देवमाणूस गेला. एका भाचीनं लग्नातला फोटो कापून त्याला हारसुद्धा घातला. आणि गुरुशांतची तर कमाल! दरोडेखोर तोच होता. आदल्या संध्याकाळी उसाच्या ट्रॉलीमागं उभं राहून त्यानं अंगठ्यानं बटण दाबलं होतं आणि विसरला होता. सकाळी त्यानं लिहिलं, "माझा पाठीराखा गेला. विश्वास बसत नाही. माती किती वाजता हाय?"

अक्का पूजा टाकून उठली. ग्रुप बघितला आणि तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"आरं मेल्यांनो, जिवंत हाय तो! गेम हाय, गेम!" तिनं लिहिलं.

त्यावर भावजींचं उत्तर आलं, "खरं आहे अक्का. जीवन हा एक खेळच आहे." आणि जोडलेले हात.

अक्कानं कपाळावर हात मारला. परत लिहिलं, परत वर सरकून गेलं. आणि ज्यानं बोलून हे सगळं थांबवायचं, त्याचं तोंड बॉटनं बंद केलेलं! तिनं विरुपाक्षला फोन लावला. रिंग वाजून वाजून थांबली. परत लावला. परत तेच. दुकानात आली, शटर उघडलं, पुन्हा लावला.

"आत्या, गेम आहे हो," उत्कर्षा फोनवर म्हणाली.

"मला सांगतीस? मजकूर मीच सांगितलाय!"

सायराबानूनं मशीन थांबवलं. "अक्का, खेल है ना? तुमकू मालूम है ना? फिर घडी घडी फोन कायकू लगा रै?"

अक्कानं फोन कमरेला खोचला. मग पिशवी उचलली, किल्ल्या सायराबानूच्या मांडीवर टाकल्या आणि ऐन गिऱ्हाइकाच्या वेळी दुकानातून बाहेर पडली. वडाप भरेपर्यंत थांबायला जीव होईना म्हणून अख्खी रिक्षा केली आणि रिक्षावाल्याला होटगीपर्यंत एकसारखं हाकलत नेलं.

वाटेत ग्रुप वाजतच होता. अक्का एकीकडं फोन लावायची, एकीकडं वाचायची. "मातीला जमणार नाही, उसाची तोड चालू आहे. नंतर येऊन जातो." "पोराची परीक्षा आहे, फोटोला आमच्यातर्फे हार घाला." "आत्ताच कळले, मन सुन्न झाले," आणि त्याच्याच खाली त्याच माणसाचं गुलाबाचं फूल, सुप्रभात. तिला एकेकाच्या घरी जाऊन एकेकाच्या कानाखाली काढावीशी वाटली. पण मनात एकच घोळत होतं, उचल की रे फोन, उचल की.

फाटक उघडं होतं. अंगण झाडलेलं, पाणी मारलेलं. आणि अंगणात लाल प्लॅस्टिकच्या खुर्च्या मांडलेल्या होत्या, दोन रांगा. अशा खुर्च्या मयताच्या घरीच मांडतात. अक्काचे पाय तिथंच थांबले.

"विरुपाक्षा!"

"आत ये की," आतून आवाज आला.

तो चुलीशेजारी, म्हणजे गॅसशेजारी, उभा होता. धुतलेला पांढरा शर्ट, कपाळाला विभूती, समोर चहाचं मोठं पातेलं. हातात किसलेलं आलं. फोन खिडकीत, चार्जिंगला.

"मुडद्या!" अक्का ओरडली. "फोन काय झालाय तुजा? मेला व्हतास का काय?"

"व्हय की. सकाळीच. वाचलं न्हाईस?"

"मस्करी करतोस? मी किती फोन लावले!"

"मेलेल्यानं बोलायचं न्हाय. बोलला की डाव बाद. तुज्या बॉटचाच नियम हाय न्हवं? मी आयुष्यात एकदा बी सिग्नल मोडला न्हाय, अक्का."

ती पिशवी फेकून मारणार होती. त्याऐवजी दाराच्या चौकटीला धरून उभी राहिली आणि दम खाल्ला. मग तिनं बाहेर बोट दाखवलं. "आणि ह्या खुर्च्या कशाला?"

विरुपाक्षनं आलं पातेल्यात टाकलं. 

"सगळ्यांनी एवढं लिहिलं न्हवं," तो म्हणाला. "देवमाणूस गेला, पाठीराखा गेला. मला वाटलं, धा-पाच जण तरी येतील. मला जिवंत बघून शिव्या घालतील. हसू म्हटलं मिळून. म्हणून शेजारनं खुर्च्या आणल्या." त्यानं गॅस बारीक केला. "तुज्याबिगर फोन बी कुणाचा आला न्हाय. तू तरी आलीस. एवढ्या आयतवारनंतर आलीस."

अक्कानं हातातली पिशवी ओट्यावर ठेवली. 

"त्या बॉटला सांग," तो पातेल्यात बघत म्हणाला, "मधनंमधनं मारत जा म्हणावं मला."

अक्का बाहेर आली आणि एका लाल खुर्चीवर बसली. पदरानं डोळे पुसले, नाक पुसलं. फोन परत वाजला. गुरुशांत विचारत होता, "अक्का, माती किती वाजता हाय त्ये सांगा की. लोकं विचारायलेत."

सकाळपासून ती ह्या लोकांना ओरडून सांगत होती की तो जिवंत आहे, आणि एकानंही वाचलं नव्हतं. आता तिनं चष्मा लावला आणि एकेक अक्षर दाबून सावकाश लिहिलं, "पाच वाजता. होटगीला, घरी. जो येणार नाही त्यानं परत माझ्या दारात पाऊल टाकू नये." खोटं त्यात काही नव्हतं. पाच वाजता काय आहे, ते तिनं कुठं सांगितलं होतं?

हे मात्र सगळ्यांनी वाचलं. "निघालो," गुरुशांतनं लिहिलं. "निघालो," भावजींनी लिहिलं. मग एकेक करत निघालो, निघालो, निघालो.

"दूध किती हाय घरात?" अक्कानं आत ओरडून विचारलं.

"अर्धा लिटर."

"तेवढ्यानं काय हुतंय? जा, आणखी घेऊन ये. आणि येताना शेजारनं आणखी खुर्च्या आण."

"मेलेल्या माणसानं दूध आणायला जायचं व्हय?"

"चप्पल घाल मुकाट्यानं," अक्का म्हणाली.